आठ मिलिमीटरांची मुभा

कावेरीला कंडक्टर व्हायचं होतं. का, असं कुणी विचारलं की तिचं उत्तर समोरचा माणूस बघून बदलायचं. मामीला ती सांगायची, सरकारी नोकरी आहे. मामाला सांगायची, दिवसभर एका जागी वाकून बसावं लागत नाही. खरं कारण तिनं स्वतःपाशीच ठेवलं होतं. संकेश्वरला शाळेत असताना ती रोज बसनं जायची. त्या बसमध्ये गावचे पाटील असत, हेडमास्तर असत, कधीमधी एखादा फौजदारही असे, आणि कंडक्टरनं आवाज दिला की सगळे मुकाट पुढं सरकत. एवढा अधिकार असलेला दुसरा माणूस कावेरीनं बघितला नव्हता.

पीयूसी, म्हणजे तिकडची बारावी, झाल्यावर त्र्याण्णव साली ती बेंगळुरूला मामाकडं आली. मामा आप्पाजी यांचं शिवाजीनगरात, बसस्थानकाच्या मागच्या गल्लीत, गाड्यांच्या सीटा शिवायचं दुकान होतं. रिक्षा, मेटाडोर, शाळेच्या व्हॅन, जे येईल त्याची सीट उसवायची, आतला काथ्या झटकायचा, फोम बदलायचा, वरून रेक्झिन चढवायचं. कावेरीचा हात चालता होता. सहा महिन्यांत ती दाभण अशी चालवायला लागली की आप्पाजी गिऱ्हाइकांना सांगायचे, "शिवण बघा की, माझ्यापेक्षा सरळ." मागं बसस्थानकात दिवसभर शिट्ट्या वाजत. कावेरी मशीन चालवता चालवता नुसत्या शिट्टीवरून सांगायची की गाडी सुटली, थांबली, की कुणी धावत येतंय म्हणून खोळंबली.

पंच्याण्णव साली महिला कंडक्टर भरण्याची जाहिरात आली तेव्हा ती कापून तिनं मशीनच्या खणात ठेवली. लेखी परीक्षेत चांगली पास झाली. तोंडी परीक्षेत साहेबांनी विचारलं, गर्दीत कुणाचं उतरायचं ठिकाण चुकलं आणि तो भांडायला लागला तर काय कराल? कावेरी म्हणाली, "आधी पुढच्या स्टॉपवर उतरवीन, मग भांडीन." साहेब हसले. आता राहिलं होतं ते शरीराचं मोजमाप. उंचीची अट होती, कमीत कमी दीडशे सेंटिमीटर.

कावेरीच्या घराण्यात उंच म्हणावं असं कुणी नव्हतं. पण दीडशे म्हणजे काही ताडमाड नव्हे, तेवढी आपण भरू असं तिनं गृहीत धरलं होतं. मोजमापाच्या दिवशी मैदानावर सकाळी सातपासून रांग लागली. शेकडो मुली. बसायला जागा नाही, आणि बसलं तर नंबर जाईल ही धास्ती. कावेरीचा नंबर आला तेव्हा साडेपाच वाजून गेले होते. ती दांडीखाली उभी राहिली, डोक्यावर पट्टी टेकली, आणि टेबलामागच्या माणसानं आकडा वाचला, "एकशे एकोणपन्नास पॉइंट दोन."

"परत एकदा बघा की, सर," कावेरी म्हणाली.

त्यानं बघितलं. परत तोच आकडा आला. माणूस सभ्य होता. "नियम आहे, अम्मा," एवढंच म्हणून त्यानं कागदावर शिक्का मारला.

घरी आल्यावर मामी शालननं आधी तिला चहा दिला आणि मग आप्पाजींकडं वळून म्हणाली, "अहो, तुम्ही बघा की मोजून. एवढ्या गर्दीत त्यांनी काय मोजलं असंल!"

आप्पाजींनी गळ्यातली टेप काढली. मापाच्या बाबतीत त्यांना भारी अभिमान होता. कावेरीला दाराच्या चौकटीला उभी करून त्यांनी पेन्सिलीनं रेघ ओढली, टेप लावली, चष्मा वर केला आणि परत टेप लावली.

"किती?" शालननं विचारलं.

"एकशे अठ्ठेचाळीस आणि अर्धा."

"म्हणजे मैदानावरनं घरी येईस्तोवर अजून आखूड झाली?"

मग शालननं शेजारच्या नयनाकडून लाकडी पट्टी आणली, टेप शेजारी ठेवली, आणि भानगड कळली. आप्पाजींची टेप अकरा वर्षांच्या ओढाताणीनं लांबली होती. सीट आणि रेक्झिन दोन्ही त्याच टेपनं मोजत असल्यामुळं आजवर काही बिघडलं नव्हतं. आप्पाजी टेपकडं असे बघत बसले की जणू सख्ख्या भावानं दगा दिला. दुसऱ्या दिवशी नवी टेप आली. नव्या टेपनं सकाळी रेघ एका जागी यायची, संध्याकाळी दुसऱ्या. कधी दीडशेच्या वर, कधी खाली. चौकटीवर आठवडाभरात एवढ्या रेघा झाल्या की कुठली खरी हे कुणालाच सांगता येईना. "तू हलतीस," आप्पाजी म्हणायचे. "मी हलत न्हाई, तुमचा हात हलतोय," कावेरी म्हणायची.

हे सगळं ज्यांच्या कानावर गेलं त्यांत वकील हयवदनराव होते. मूळचे धारवाडचे, हायकोर्टात पंचवीस वर्षं वकिली केलेले, बारीक अंगाचे, आणि पाठीच्या दुखण्यानं कायम बेजार. त्यांच्या खुर्चीसाठी आप्पाजींनी आजवर तीन गाद्या शिवल्या होत्या आणि चौथीचं माप द्यायला ते दुकानात आले होते.

"आठ मिलिमीटर?" धारवाडी मराठीत ते ओरडलेच. "अरे, तिकीट फाडायला उंची कशाला लागते? हा नियमच मुळी मनमानी आहे. कावेरी, आपण हायकोर्टात रिट अर्ज करू."

नियमाला आव्हान द्यायचं म्हटल्यावर त्यांना पाठीचा विसर पडला. भरतीच्या नियमांत एक कलम होतं, की माप मान्य नसेल तर उमेदवारानं तीस दिवसांत वैद्यकीय मंडळाकडं फेरमोजणी मागावी. ते कलम हयवदनरावांनी वाचलं होतं. पण फेरमोजणी म्हणजे अर्जफाटा, आणि रिट म्हणजे तत्त्वाची लढाई. त्यांनी लढाई निवडली. कावेरीलाही लढाईच आवडली. फी म्हणून चौथी गादी आप्पाजींनी आपणहून दिली, आणि त्या गादीत सगळ्यात चांगला फोम घातला.

शहाण्णवच्या फेब्रुवारीत सुनावणी निघाली. कावेरी निळी साडी नेसून, आप्पाजी इस्त्रीचा शर्ट घालून, दोघं चालतच अठारा कचेरीत गेले. हायकोर्टाच्या त्या लाल इमारतीला जुनी माणसं अजून अठारा कचेरीच म्हणत. कावेरीच्या डोक्यात चित्र होतं की वकीलसाहेब तासभर बोलतील, मग आपल्याला पुढं बोलावतील. प्रत्यक्षात तिचा नंबर पुकारला गेला आणि सगळं पाच मिनिटांत चाललं.

न्यायाधीशांनी कागद चाळले. "वकीलसाहेब," ते म्हणाले, "तुमचं म्हणणं काय? उंचीची अट चुकीची आहे, की उंचीचं माप चुकीचं आहे?"

"दोन्ही, माय लॉर्ड."

"अट नसावी असं म्हणायचं, आणि अट पुरी होतेच असंही म्हणायचं? बरं. माप चुकीचं वाटत असेल तर नियमात फेरमोजणीची सोय आहे. तिथं गेला होता?"

हयवदनराव घुटमळले. "नाही, माय लॉर्ड."

"मग सरळ इथं आलात. या कोर्टात टेप नाही." मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. न्यायाधीश मात्र हसले नाहीत. त्यांनी कावेरीकडं एकदा बघितलं आणि आवाज खाली आणला. "मी आत्ता निकाल दिला तर अर्ज फेटाळावा लागेल, आणि अटीबद्दल चार ओळी लिहाव्या लागतील. त्या ओळी तुमच्या अशिलाच्या कामाच्या नसतील. जेवणाच्या सुट्टीत विचार करा. अडीच वाजता सांगा."

बाहेर व्हरांड्यात आल्यावर हयवदनराव खांबाला पाठ टेकून उभे राहिले. "कावेरी, आपण अर्ज मागं घेऊ."

कावेरीला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. "माघार?"

"मागं घेणं आणि माघार यांत फरक आहे."

"मला न्हाई दिसत. तुम्हीच म्हणालात नियम मनमानी आहे. गल्लीत सगळ्यांना सांगून आलोय आम्ही. आता जाऊन काय सांगू? जज्जसाहेब रागवले म्हणून परत आलो?"

आप्पाजी मध्ये पडले. "कावेरे, स्वल्प थांब. ऐकून तर घे."

"ऐकतेच आहे, मामा."

हयवदनरावांनी खिशातून रुमाल काढून कपाळ पुसलं. त्यांना कबूल करायला जड जात होतं हे कावेरीला दिसलं.

"चूक माझी आहे," ते म्हणाले. "फेरमोजणीचं कलम मी बघितलं होतं. आधी तिथं जायला हवं होतं. आता ऐक. अर्ज फेटाळला गेला तर कागदावर काय राहील? कावेरी नावाच्या मुलीचं म्हणणं हायकोर्टानं ऐकलं आणि नाकारलं. तू पुढं फेरमोजणीला गेलीस तर ते म्हणतील, हायकोर्टानंच नाही म्हटलंय, आम्ही काय करणार? पण आपण अर्ज मागं घेतला, आणि मागं घेताना कोर्टाकडून लिहून घेतलं की या मुलीला बाकीचे सगळे मार्ग मोकळे आहेत, तिचा कुठलाच मुद्दा निकालात निघालेला नाही, तर? तर तुझ्याविरुद्ध एक अक्षर कुणी लिहिलेलं नसेल. फेरमोजणी मागता येईल. ती जमली नाही तर नियमाविरुद्ध परत इथंही येता येईल. याला मुभा म्हणतात. मुभा घेऊन मागं घ्यायचं."

"आणि मुभा न घेता मागं घेतलं तर?"

"तर मग तू म्हणतेस ती माघार."

कावेरीला लढाई हवी होती हे खरं. पण तिनं स्वतःला विचारलं, आपल्याला जिंकायचंय कोर्टात, की चढायचंय बसमध्ये? उत्तर सोपं होतं, फक्त चरफड होत होती.

"लिहा," ती म्हणाली. "पण लिहिलेलं मी वाचणार."

व्हरांड्याच्या टोकाला टंकलेखक बसत. हयवदनरावांनी एकाला मजकूर सांगितला, मशीन खडखडलं, कागद बाहेर आला. सव्वादोन वाजले होते, त्यामुळं वकीलसाहेबांनी कागद घाईत कावेरीपुढं धरला आणि बोटानं सहीची जागा दाखवली. कावेरीनं आपलं पीयूसीचं इंग्रजी पणाला लावून एकेक शब्द वाचला. दोन ओळींचाच कागद होता.

"सर, यात मुभा कुठाय?"

"आहे ना."

"न्हाई. अर्जदार अर्ज मागं घेते, कृपया परवानगी द्यावी, एवढंच आहे. पुढचं तुम्ही मला जे सांगितलंत ते यात न्हाई."

हयवदनरावांनी कागद डोळ्यांजवळ नेला. टंकलेखकानं शेवटची ओळ खाऊन टाकली होती. पुढच्या माणसाचा कागद मशीनवर चढला होता. वकीलसाहेबांनी कपाळावर हात मारला. मग पेन काढून, खांबाचाच आधार घेऊन, त्यांनी ती ओळ स्वतःच्या अक्षरात लिहिली: उपलब्ध असलेले अन्य सर्व कायदेशीर मार्ग अनुसरण्याची मुभा ठेवून, आणि सर्व मुद्दे खुले ठेवून. कावेरीनं ती मोठ्यानं वाचली, आप्पाजींना मराठीत सांगितली, आणि मग सही केली.

अडीच वाजता सरकारी वकील उठून उभे राहिले. त्यांची एक हरकत होती. फेरमोजणीची मुदत तीस दिवसांची, ती कधीच उलटली, तेव्हा मुभा देऊन उपयोग काय?

न्यायाधीश म्हणाले, "ते दिवस तिनं या कोर्टाच्या दारात घालवलेत, सिनेमाला नाही गेली. दोन आठवड्यांत अर्ज केला तर उशिराचं कारण सांगून नाकारू नका." आणि त्यांनी लघुलेखकाकडं वळून हुकूम सांगायला सुरुवात केली. इंग्रजीतला पहिला शब्द कावेरीच्या कानांवर आदळला तो 'डिसमिस्ड'. तिनं आप्पाजींचा दंड इतका घट्ट धरला की ते कळवळले. "काढून टाकली, मामा! फेटाळली!"

हयवदनरावांनी मागं वळून तोंडावर बोट ठेवलं. बाहेर आल्यावर त्यांनी समजावलं की मागं घेतलेला अर्जही शेवटी निकाली काढावाच लागतो, म्हणून तो शब्द वापरतात. बघायचं असतं त्याच्या पुढचं. पुढं 'मागे घेतल्यामुळे' असं होतं, आणि त्याच्या पुढं मुभा होती, आणि दोन आठवडेही होते. "एक शब्द ऐकून घाबरायचं नाही," ते म्हणाले. "वाक्य संपू द्यायचं."

गल्लीत मात्र तो पहिला शब्दच आधी पोचला. संध्याकाळी नयना वाटीभर साखर मागायच्या निमित्तानं आली आणि हळहळून म्हणाली, "अक्का, ऐकलं, कावेरीची केस गेली म्हणून." शालननं साखर दिली, आणि हुकुमाच्या नकलेची वाट न बघता तिथल्या तिथं सांगितलं, "केस गेली न्हाई, आम्ही ठेवून दिलीय." यापेक्षा नीट कुणालाच सांगता आलं नसतं.

आठ दिवसांत फेरमोजणीचा अर्ज गेला आणि मार्चमधली तारीख आली. सकाळी नऊ वाजता, शहराच्या दुसऱ्या टोकाच्या सरकारी इस्पितळात. पत्र दाखवायला कावेरी हयवदनरावांच्या घरी गेली तेव्हा ते जमिनीवर सतरंजी टाकून उताणे पडले होते.

"पाठ?" तिनं विचारलं.

"पाठच. डॉक्टर म्हणतात पडून राहा. मणक्यांच्या मध्ये गाद्या असतात म्हणे, तुझ्या मामाच्या गाद्यांसारख्या. दिवसभर उभं राहिलं की दबतात, रात्री झोपलं की फुगतात. सकाळी मी उंच असतो, संध्याकाळी..." वकीलसाहेब मधेच थांबले. उठू नये असं डॉक्टरनं बजावलेलं असताना ते कोपरांवर उठले. "कावेरी, तुझं माप किती वाजता घेतलं होतं?"

"साडेपाचला. सकाळी सातपासून उभी होते."

कावेरीच्या डोळ्यांपुढं चौकटीवरच्या पेन्सिलीच्या रेघा आल्या. मामाचा हात हलत नव्हता, आणि तीही हलत नव्हती.

घरी ही बातमी सांगितली तेव्हा आप्पाजींना ती ताबडतोब पटली. दबलेली गादी आणि फुगलेली गादी यांतला फरक त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती. "म्हणजे मोजेपर्यंत हिला दाबायचीच न्हाई," ते म्हणाले. "झोपल्यापासून तिथं पोचेपर्यंत आडवीच ठेवायची."

"आणि न्यायची कशी?" शालन म्हणाली. "बसनं? उभ्यानं?"

त्याचं उत्तर येसाजीरावांच्या रूपानं दुकानातच उभं होतं. येसाजीराव म्हणजे इथल्या जुन्या मराठा घराण्यातले. त्यांचे पूर्वज कुठल्या राजाच्या फौजेबरोबर इकडं आले हे ते दर वेळी वेगळं सांगत. शाळेच्या मुलांसाठी त्यांची मेटाडोर होती आणि तिच्या सगळ्या सीटा त्या आठवड्यात आप्पाजींकडं उसवून पडल्या होत्या. गाडी आतून मोकळी होती. "फोम टाका, अण्णा," येसाजीराव म्हणाले. "राजकन्या पालखीतनं न्यावी तशी नेतो बघा."

ठरलेल्या दिवशी सकाळी कावेरी अंथरुणावरून उठली ती थेट फोमवर आडवी झाली. वेणी मामीनं तिला कुशीवर वळवून घातली, आणि अंबाड्यानं उंची वाढवली असं कुणी म्हणू नये म्हणून केस अगदी चापून बसवले. नाश्ता म्हणून आडव्या आडव्याच तिनं दोन इडल्या खाल्ल्या, तिसरी घशात अडकली. मग आप्पाजी, येसाजीराव आणि दुकानातल्या दोघांनी फोमची गादी चार कोपऱ्यांना धरली आणि कावेरीला गादीसकट उचलून बाहेर आणलं.

गल्ली जमली. काय झालं, काय झालं? नयना धावत आली. "अय्यो, हिला काय झालं?"

"काय न्हाई," शालन म्हणाली. "नोकरीला चाललीय."

मेटाडोर निघाली. येसाजीराव एरवी गाडी हाणत. आज खड्डा दिसला की ते नमस्कार करून वळसा घालत. आत कावेरी पत्र्याच्या छपराकडं बघत पडली होती आणि मामी तिच्या खांद्यावर हात ठेवून बसली होती. सिग्नलला गाडी थांबली की बाजूच्या स्कूटरवाल्यांना खिडकीतून दिसायचं, एक तरणीताठी मुलगी आडवी आणि एक बाई तिच्यावर वाकलेली. ते आपणहून वाट द्यायचे. एका पोलिसानं तर सगळी वाहनं थांबवून मेटाडोर आधी सोडली. कावेरीला हसू यायला लागलं.

"हसू नको गं," शालन म्हणाली. "हसल्यानं दबत असंल तर?"

"मामी, हसून कुणी आखूड होत न्हाई."

"सांगता येत न्हाई. इथवर आणलीय, आता पडून राहा."

इस्पितळाच्या दारात गाडी थांबताच दोन वॉर्डबॉय स्ट्रेचर घेऊन धावले. त्यांनी मागचं दार उघडलं आणि कावेरी टुणकन उडी मारून खाली उतरली, पदर सावरला आणि म्हणाली, "मोजमाप कुठल्या खोलीत आहे?" वॉर्डबॉयनं स्ट्रेचरकडं बघितलं, तिच्याकडं बघितलं, आणि बोटानं उजवीकडचा जिना दाखवला.

मंडळात तीन डॉक्टर होते, त्यांत एक बाई. नऊला पाच मिनिटं असताना कावेरीला आत घेतलं. टाचा भिंतीला, नजर समोर. पट्टी डोक्यावर टेकली. डॉक्टरबाईंनी आकडा वाचला आणि बाकीच्या दोघांनीही खाली वाकून वाचला.

"एकशे पन्नास पॉइंट तीन."

कावेरी हलली नाही. "परत एकदा बघा की, मॅडम," ती म्हणाली. सवयीनं तोंडातून गेलं.

डॉक्टरबाई हसल्या. "कशाला? तेवढंच आहे." मग कागदावर लिहिता लिहिता त्यांनी विचारलं, "मागच्या वेळी कधी मोजलं होतं?" कावेरीनं सगळं सांगितलं, मैदान, रांग, साडेपाच. मेटाडोर तेवढी वगळली. डॉक्टरबाईंनी मान डोलावली आणि शेऱ्याच्या जागी एक ओळ लिहिली, की अशी मोजणी सकाळी घेणं योग्य. पुढच्या भरतीत मोजमाप सकाळच्या वेळात ठेवलं गेलं असं कावेरीनं नंतर ऐकलं. त्या ओळीमुळं की आणखी कशामुळं, ते तिला कधी कळलं नाही.

जून महिन्यात नेमणुकीचं पत्र आलं. हयवदनरावांनी ते वाचलं, आनंद झाला, आणि लगेच चेहरा पडला. "आता नियमाला आव्हान देता येणार नाही," ते म्हणाले. "तुझी तक्रारच उरली नाही." त्यांच्या मनात तो मुद्दा अजून खुला होता. कावेरीनं त्यांना पेढे दिले.

पहिल्या आठवड्यात तिला कळलं की अट अगदीच बिनबुडाची नव्हती. नव्या गाड्यांत आडवा दांडा उंच होता. गाडीनं वळण घेतलं की तिचा हात तिथवर पोचायच्या आत ती कुणाच्या तरी मांडीवर बसायची. दोनदा असं झाल्यावर ती सीटच्या पाठी धरून चालायला शिकली. कुठली सीट ढिली आहे हे ती हात लावताच ओळखायची, आणि डेपोत जाऊन काथ्या खाली बसलाय म्हणून नोंद करायची. मेकॅनिक आधी हसले, मग तिला विचारायला लागले.

सप्टेंबरात तिला आनेकलची गाडी मिळाली. ड्रायव्हर मंजुनाथ, मितभाषी माणूस, दोन शिट्ट्यांना गाडी हलवायची आणि एका शिट्टीला थांबवायची, बाकी बोलणं नाही. संध्याकाळच्या फेरीला वाटेतल्या कारखान्यांची पाळी सुटायची आणि बायकांची गर्दी उसळायची. डिसेंबरातल्या एका सोमवारी गाडी भरली, कावेरीनं दोन शिट्ट्या मारल्या, आणि चाक फिरतं न फिरतं तोच मागच्या सीटवरच्या बायका ओरडल्या, "अक्का, अक्का, आमची एक राहिलीय!"

कावेरीनं मागच्या काचेतून बघितलं. फाटकातून एक बाई पळत येत होती. एका हातात चप्पल, दुसऱ्या हातात डबा. अंतर बरंच होतं. वेळ झाली होती, आणि आरशातून मंजुनाथची नजर तिच्यावर होती.

तिनं एक शिट्टी मारली.

गाडी थांबली. बाई पोचली, चढली, दारातच पायरीवर धापा टाकत बसली. पुढचे दोघं कुरकुरले, कावेरीनं त्यांना तिकिटं दाखवायला सांगितली, मग ते गप्प झाले. तिनं परत दोन शिट्ट्या मारल्या.

आनेकलला गाडी चार मिनिटं उशिरा पोचली. नोंद घेणाऱ्या साहेबांनी घड्याळ दाखवून विचारलं, "उशीर का?"

कावेरी उत्तर द्यायला तोंड उघडणार, तोच मंजुनाथ खाली उतरला, पाण्याची बाटली उघडली आणि तीन महिन्यांत पहिल्यांदाच आपणहून बोलला.

"प्रवासी चढत होते, सर," तो म्हणाला.

साहेबांनी तेवढंच लिहून घेतलं. परतीच्या फेरीला अजून दहा मिनिटं होती. कावेरीनं चहा सांगितला, दोन.